आजीनं विचारलं, ‘हे कशासाठी?’

लॉस एंजेलिसच्या कालव्यात अर्धा मैल इतिहास रंगवणाऱ्या जुडी बाका ऐंशीच्या घरात पोचल्या आहेत आणि त्यांची भिंत पुन्हा वाढतेय. नेमकी आत्ताच ती एवढी महत्त्वाची का झालीय?

लॉस एंजेलिस म्हटलं की तुमच्या डोळ्यांपुढे काय येतं? डोंगरावरची हॉलिवूडची पांढरी पाटी, समुद्रकिनारा, उंच ताडाची झाडं. सिनेमाचे शौकीन असाल तर आणखी एक गोष्ट आठवेल, काँक्रीटचा रुंद, कोरडा कालवा. ‘टर्मिनेटर २’मध्ये तो ट्रक मोटरसायकलच्या मागे लागतो ना, तो अशाच एका कालव्यात.

हे कालवे म्हणजे एकेकाळच्या नद्या. १९३८ च्या महापुरानंतर अमेरिकी लष्कराच्या अभियंता विभागानं लॉस एंजेलिस नदी आणि तिला मिळणारे प्रवाह काँक्रीटमध्ये बांधून टाकले. पुराची भीती गेली, नदीही गेली. शहराच्या उत्तरेला सॅन फर्नांडो व्हॅलीत असाच एक प्रवाह आहे, तुहुंगा वॉश. त्याच्या भिंतीवर २,७५४ फूट लांब आणि १३ फूट उंच भित्तिचित्र आहे. न थांबता चाललात तरी दहा मिनिटं लागतील. आणि तुम्ही न थांबता चालूच शकणार नाही.

‘ग्रेट वॉल ऑफ लॉस एंजेलिस’ हे त्याचं नाव. कॅलिफोर्नियाचा आदिम काळापासून १९५० च्या दशकापर्यंतचा इतिहास त्यावर आहे. पण पाठ्यपुस्तकातला नाही. इथं आहेत रेल्वेमार्ग टाकणारे चिनी मजूर, जमिनी गमावलेले मूळनिवासी, दुष्काळानं देशोधडीला लागलेले शेतकरी, दुसऱ्या महायुद्धात छावण्यांत डांबलेले जपानी-अमेरिकन, समलैंगिकांच्या हक्कांच्या चळवळीची सुरुवात. आणि हे सगळं रंगवलं कुणी? चारशेहून जास्त तरुण मुलामुलींनी. त्यातली बरीचशी पोलिसांच्या आणि बालन्यायालयाच्या दप्तरी नोंद असलेली.

त्यांना एकत्र आणणाऱ्या बाईंचं नाव जुडी बाका. आता प्रश्न असा की पन्नास वर्षांपूर्वी सुरू झालेल्या चित्राबद्दल आज का बोलायचं? दोन कारणं आहेत. एक, हे चित्र संपलेलं नाही. दुसरं, त्यावर जे काढलंय ते आज अमेरिकेत पुन्हा वादाचा विषय झालंय.

कोपऱ्यात बसवलेली मुलगी

बाका यांचा जन्म १९४६ चा, लॉस एंजेलिसमधला. घर मेक्सिकन वंशाचं आणि घरात सगळ्या बायका. आई टायरच्या कारखान्यात कामाला, त्यामुळे लहानग्या जुडीला वाढवलं आजीनं. घरात स्पॅनिश. शाळेत मात्र स्पॅनिश बोलायला बंदी आणि इंग्रजी धड येत नाही. मग बाईंनी तिला कोपऱ्यात बसवून रंग दिले. बाकीचा वर्ग शिकतोय आणि ही चित्र काढतेय. भाषा नाकारली गेली म्हणून चित्र हाती आलं, असं त्यांच्या आयुष्याचं गणित आहे.

त्या कॅलिफोर्निया स्टेट युनिव्हर्सिटी, नॉर्थरिजमधून १९६९ मध्ये पदवीधर झाल्या. कॉलेजात शिकलेली आधुनिक चित्रकला त्यांनी आजीला दाखवली, तेव्हा आजीनं एकच विचारलं, हे कशासाठी? या प्रश्नाचा उल्लेख बाका पुढे अनेकदा करत आल्या आहेत. आजी आर्ट गॅलरीत कधीच जाणार नव्हती. वस्तीतलं कुणीच जाणार नव्हतं. मग चित्र तिथं टांगून आपण नेमकं कुणाशी बोलतोय?

इथं एक शब्द समजून घेऊ. लॅटिना म्हणजे लॅटिन अमेरिकी वंशाची स्त्री. बाका स्वतःला ‘चिकाना’ म्हणवतात. मेक्सिकन मुळांच्या अमेरिकन तरुणांनी १९६० च्या दशकात हा शब्द मुद्दाम स्वतःसाठी निवडला. त्याआधी तो हिणवायला वापरला जायचा. शिवी उचलायची आणि तीच ओळख म्हणून छातीवर लावायची, हे त्या पिढीचं राजकारण होतं.

त्याच राजकारणाची किंमतही पडली. व्हिएतनाम युद्धाच्या विरोधात उभं राहिल्याबद्दल त्यांची शाळेतली शिक्षिकेची नोकरी गेली. नंतर काम मिळालं ते महापालिकेच्या उद्यान विभागात, मुलांना चित्रकला शिकवण्याचं. नेमणूक बॉइल हाइट्समध्ये. ही शहराच्या पूर्वेकडची, मेक्सिकन लोकांची जुनी वस्ती. इथं टोळ्यांची हद्द ठरलेली. या गल्लीतल्या पोरानं त्या गल्लीत पाऊल टाकायचं नाही. भिंतींवर टोळ्यांची नावं.

बाकांनी त्या भिंती वाचल्या. पोरं भिंतीवर लिहितात म्हणजे त्यांना काहीतरी सांगायचंय. १९७० मध्ये त्यांनी चार वैरी टोळ्यांमधली वीस मुलं गोळा केली आणि हॉलनबेक पार्कमधल्या खुल्या रंगमंचावर एक चित्र काढलं. नाव ‘मी अबुएलिता’, म्हणजे माझी आजी. दोन्ही हात पसरून कवेत घ्यायला निघालेली एक म्हातारी. चार टोळ्यांचं आपसात कशावरच एकमत नव्हतं, पण आजी प्रत्येकालाच होती. आजीच्या प्रश्नाचं उत्तर आजीच्याच चित्रानं दिलं.

पोलीस ठाण्यात कलाकेंद्र

१९७६ मध्ये बाका, चित्रकार क्रिस्टिना श्लेसिंगर आणि चित्रपट दिग्दर्शक डॉना डाइच या तिघींनी ‘सोशल अँड पब्लिक आर्ट रिसोर्स सेंटर’ सुरू केलं. सगळे त्याला ‘स्पार्क’ म्हणतात. जागा कुठली? व्हेनिस भागातलं जुनं पोलीस ठाणं. १९२९ ची इमारत, आत कोठड्या. ज्या पोरांना एरवी अशा इमारतीत बेड्या घालून आणलं गेलं असतं, ती इथं ब्रश धुवायला यायची.

त्याच वर्षी कालव्यातलं काम सुरू झालं. अभियंता विभागाला कालव्याच्या काठाचं सुशोभीकरण करायचं होतं आणि त्यांनी बाकांना विचारलं होतं. ‘सुशोभीकरण’ या शब्दाकडे लक्ष द्या. सरकारला हवी होती शोभा, बाकांनी दिला इतिहास. काँक्रीटमध्ये बांधलेली नदी त्यांना जमिनीवरच्या जखमेच्या व्रणासारखी दिसली आणि भित्तिचित्र म्हणजे त्या व्रणावर काढलेलं गोंदण, असं त्या म्हणत आल्या आहेत.

पहिल्याच उन्हाळ्यात ऐंशी मुलांनी हजार फूट भिंत रंगवली. मग १९७८, १९८०, १९८१ आणि १९८३ असे आणखी चार उन्हाळे. दर वेळी साधारण एक दशक पुढे. मधल्या काळात, १९७७ मध्ये, बाका मेक्सिकोत जाऊन आल्या. तिथले थोर भित्तिचित्रकार डेव्हिड अल्फारो सिकेरोस यांच्या कार्यशाळेत भल्या मोठ्या भिंतीचं तंत्र शिकायला.

पण तंत्रापेक्षा पद्धत जास्त महत्त्वाची. इतिहासाचे अभ्यासक यायचे आणि मुलांशी बोलायचे. ज्यांनी तो काळ पाहिला ती माणसं आपल्या आठवणी सांगायची. त्यातून रेखाटनं आणि मग भिंत. मुलांना या कामाचे पैसे मिळायचे. हे ‘हॉबी क्लास’ नव्हतं, उन्हाळ्याची नोकरी होती. काळी, गोरी, मेक्सिकन, आशियाई मुलं एकाच पहाडावर उभी राहून एकमेकांच्या आजोबा-पणजोबांवर काय गुदरलं ते रंगवत होती.

१९८३ मधला एक भाग बघा. महामार्ग अजगरासारखे वळसे घालत येतात आणि एका मेक्सिकन कुटुंबाला तोडून दोन बाजूंना करतात. वरून उडत्या तबकडीसारखं एक स्टेडियम वस्तीवर उतरतं. हे चावेझ रवीन. तिथली मेक्सिकन वस्ती आधी सरकारी घरबांधणीच्या नावाखाली रिकामी केली गेली, घरं काही झाली नाहीत आणि शेवटी त्या जागी बेसबॉलचं डॉजर स्टेडियम उभं राहिलं. शहराच्या अधिकृत कहाणीत ही प्रगती. भिंतीवर मात्र ती हकालपट्टी आहे.

माफीनाम्याच्या आधीची भिंत

आता दोन तारखा शेजारी शेजारी ठेवून बघा. १९३० च्या दशकात मंदीच्या काळात लाखो मेक्सिकन लोकांना अमेरिकेतून हाकललं गेलं. त्यातले बरेच जण जन्मानं अमेरिकी नागरिक होते. कालव्यात हा प्रसंग रंगवला गेला १९८० मध्ये. कॅलिफोर्निया राज्यानं त्याबद्दल कायदा करून माफी मागितली २००५ मध्ये. पंचवीस वर्षांनी. जपानी-अमेरिकनांच्या छावण्या भिंतीवर आल्या १९८१ मध्ये आणि अमेरिकी सरकारचा माफीचा कायदा आला १९८८ मध्ये. सात वर्षांनी.

भिंतीमुळे माफी मिळाली असं नाही. त्यासाठी माणसं वर्षानुवर्षं लढली. पण सरकारी कागदावर ज्याला अजून अन्याय म्हटलेलं नव्हतं, ते वस्तीतल्या पोरांनी सगळ्यांना दिसेल असं आधीच लिहून ठेवलं होतं. वस्तीतल्या कलाकेंद्राचं खरं काम हे. सरकारनं मान्य करेपर्यंत आठवण जिवंत ठेवायची.

आणि म्हणून आजचा संदर्भ. मार्च २०२५ मध्ये राष्ट्राध्यक्ष ट्रम्प यांनी अमेरिकी इतिहासाच्या मांडणीबद्दल एक आदेश काढला. सरकारी संग्रहालयं देशाचा इतिहास फार नकारात्मक रंगवतात, हा त्याचा सूर. स्मिथसोनियनसारख्या संस्थेतल्या मांडणीवर देखरेख आली. मे महिन्यात देशभरातल्या कितीतरी कलासंस्थांना आधी मंजूर झालेलं केंद्राचं अनुदान रद्द झाल्याचे ईमेल गेले. जूनमध्ये लॉस एंजेलिसमध्येच स्थलांतरितांची धरपकड सुरू झाली, निदर्शनं पेटली आणि रस्त्यावर नॅशनल गार्डचे सैनिक उतरले. १९८० मध्ये ‘जुना इतिहास’ म्हणून रंगवलेली हद्दपारी त्याच शहरात पुन्हा रोजच्या बातम्यांत आली.

संग्रहालयातली पाटी एका आदेशानं बदलता येते. कालव्यातली अर्धा मैल भिंत तशी बदलता येत नाही. निदान एका रात्रीत तरी नाही.

भिंती पुसल्याही जातात

तरी भिंती अमर असतात असं समजू नका. लॉस एंजेलिसला भित्तिचित्रं पुसायची जुनी सवय आहे. सिकेरोस यांनीच १९३२ मध्ये इथं ‘अमेरिका ट्रॉपिकल’ नावाचं चित्र काढलं होतं. गोड, हिरवागार देखावा मागितला होता, त्यांनी मधोमध क्रुसावर बांधलेला मूळनिवासी मजूर काढला. थोड्याच काळात त्यावर पांढरा रंग फिरला. ते चित्र जतन होऊन पुन्हा लोकांसमोर यायला २०१२ साल उजाडलं.

१९८४ च्या ऑलिम्पिकसाठी शहरानं महामार्गांच्या भिंतींवर चित्रं काढून घेतली. त्यात बाकांचं ‘हिटिंग द वॉल’ होतं. त्या वर्षी बायकांची मॅरेथॉन ऑलिम्पिकमध्ये पहिल्यांदा झाली, त्याचं चित्र. २०१९ मध्ये तेही पांढऱ्या रंगाखाली गेलं. शहरासाठी काढलेलं चित्र शहराची यंत्रणाच पुसते, तेव्हा नुसती तक्रार पुरत नाही, कायदा लागतो. चित्रकाराला न विचारता त्याची कलाकृती नष्ट करण्यावर बंधन घालणारा अमेरिकेचा कायदा १९९० चा आहे. स्पार्कला अशा वेळी तोच आधार.

गंमत म्हणजे मधली अकरा वर्षं या शहरात खासगी भिंतींवर नवं भित्तिचित्र काढणंच बेकायदा होतं. कारण? जाहिरात कंपन्या. भित्तिचित्राला परवानगी देता मग आमच्या होर्डिंगला का नाही, असं म्हणून त्या कोर्टात गेल्या. महापालिकेला दोन्हींत फरक करणारा नियम लिहिता येईना, म्हणून २००२ मध्ये सरसकट बंदी आली. ती उठली २०१३ मध्ये.

आणि काही वेळा चित्र पुसत नाहीत, त्याचा अर्थ पुसतात. बाकांनी १९९३ मध्ये बॉल्डविन पार्कच्या रेल्वे स्टेशनवर एक स्मारक केलं. त्यावर स्थानिक लोकांची वाक्यं कोरली. त्यातलं एक अशा अर्थाचं की ते लोक येण्याआधी बरं चाललं होतं. २००५ मध्ये स्थलांतरविरोधी गट मोर्चा घेऊन आला. हे वाक्य गोऱ्यांविरुद्ध आहे, काढून टाका! बाकांनी सांगितलं, हे वाक्य एका गोऱ्या माणसाचंच आहे आणि तो मेक्सिकन लोकांबद्दल बोलत होता. ‘ते’ म्हणजे कोण, हे वाचणाऱ्यानं स्वतःला विचारावं म्हणूनच ते तसं ठेवलं होतं. स्मारक जागेवर राहिलं. संदर्भ तोडून एक ओळ फिरवली की काय होतं, हे आपल्याला इन्स्टाच्या काळात वेगळं सांगायला नको.

छप्पर कुणाच्या नावावर?

आता जरा अडचणीच्या प्रश्नांकडे येऊ. वस्तीतल्या कलाकेंद्राचं कौतुक सोपं असतं, ते टिकवणं अवघड.

बॉइल हाइट्सचंच उदाहरण घ्या. तिथं ‘सेल्फ हेल्प ग्राफिक्स’ नावाची संस्था आहे. सिस्टर कॅरन बोकालेरो या ननच्या पुढाकारानं १९७० च्या दशकाच्या सुरुवातीला सुरू झालेली छापचित्रांची कार्यशाळा. मृतांची आठवण काढण्याचा मेक्सिकन सण रस्त्यावर साजरा करण्याची प्रथा या शहरात रुजवण्यात तिचा मोठा वाटा. कित्येक वर्षं ती धर्मसंस्थेच्या इमारतीत होती. २००८ मध्ये ती इमारत विकली गेली. संस्थेला २०११ मध्ये जागा बदलावी लागली आणि स्वतःच्या मालकीचं छप्पर मिळालं ते २०१८ मध्ये.

मधल्या काळात वस्तीतच दुसरं वादळ उठलं. स्वस्त जागा बघून बाहेरच्या आर्ट गॅलऱ्या बॉइल हाइट्समध्ये आल्या. वस्तीतले कार्यकर्ते गॅलऱ्यांच्या दारात उभे राहिले. त्यांचं म्हणणं सरळ होतं. आधी गॅलरी येते, मग महागडी कॉफी येते, मग भाडं वाढतं आणि मग आम्ही जातो. याला जेंट्रिफिकेशन म्हणतात. विरोध इतका वाढला की ‘पीएसएसएसटी’ नावाची गॅलरी २०१७ मध्ये वर्षभरातच बंद झाली. आरोपांच्या फेऱ्यातून सेल्फ हेल्प ग्राफिक्ससारखी जुनी, वस्तीतलीच संस्थाही सुटली नाही.

तुम्हाला वाटेल, कलेला विरोध? पण त्यांचा विरोध कलेला नव्हता, भाड्याला होता. आपल्या भिंतीवर सुंदर चित्र आहे, पण त्या गल्लीत आता आपलं घरच नाही, तर त्या चित्राचं करायचं काय?

दुसरा प्रश्न श्रेयाचा. ग्रेट वॉल रंगवणारे हात चारशेहून जास्त, पण नाव घेतलं जातं एकीचं. आपण इथं तेच करतोय. २०२१ मध्ये ‘स्टार वॉर्स’वाल्या जॉर्ज लुकास यांच्या संग्रहालयानं ग्रेट वॉलची रेखाटनं आणि कागदपत्रं आपल्या संग्रहात घेतली. जतन होणार ही चांगलीच गोष्ट. पण सगळ्यांनी मिळून केलेल्या कामाला बाजारात किंमत येते, तेव्हा त्यात वाटेकरी कोण? आणि संस्था उभी करणारी व्यक्ती बाजूला झाली की संस्थेचं काय? पन्नास वर्षं एका खांबावर तोललेल्या कुठल्याही संस्थेला हे प्रश्न चुकत नाहीत. स्पार्कलाही चुकणार नाहीत.

भिंत पुढे सरकतेय

मान्यता आता भरभरून मिळतेय. २०१७ मध्ये ग्रेट वॉलची नोंद ऐतिहासिक स्थळांच्या राष्ट्रीय यादीत झाली. २०२१ मध्ये मेलन फाउंडेशननं ती वाढवायला ५० लाख डॉलर दिले. मार्च २०२३ मध्ये राष्ट्राध्यक्ष बायडन यांच्या हस्ते बाकांना कलेसाठीचं राष्ट्रीय पदक मिळालं. त्याच वर्षाच्या ऑक्टोबरपासून शहराच्या मोठ्या कला संग्रहालयात, लॅक्मामध्ये, नव्या भागाचं काम प्रेक्षकांच्या डोळ्यांदेखत सुरू झालं. १९६० चं दशक, नागरी हक्कांची चळवळ, शेतमजुरांचा लढा. संग्रहालयात रंगवून मग ते कालव्यात बसवायचं. आजी ज्या दारातून कधी आत गेली नसती, त्याच दारातून नातीचा कालवा आत गेला.

पुढे भिंत आजच्या काळापर्यंत आणायचा बेत आहे. २०२८ मध्ये लॉस एंजेलिसमध्ये पुन्हा ऑलिम्पिक आहे आणि तोवर ती बघायला जगभरातून माणसं येतील अशी आशा आहे. पण आजच्या काळापर्यंत यायचं म्हणजे २०२५ च्या उन्हाळ्याजवळही यायचं. तेव्हा शहरात जे घडलं ते भिंतीवर येईल का, कसं येईल, ते कोण ठरवेल? मेलेल्यांचा इतिहास रंगवणं सोपं असतं. जिवंत माणसांचा रंगवताना कस लागतो.

जाता जाता एक छोटं काम देते. पुढच्या वेळी कुठल्याही शहरात रंगवलेल्या भिंतीपुढे रील करायला थांबाल, तेव्हा तीन गोष्टी विचारून बघा. या भिंतीवर काय काढायचं हे कुणी ठरवलं? रंगवणाऱ्यांत या गल्लीतलं कुणी होतं का आणि त्याला पैसे मिळाले का? आणि वीस वर्षांनी रंग उडाला की तो पुन्हा कोण लावणार? तिन्ही उत्तरांत गल्ली कुठंच नसेल, तर ती भिंत फक्त सुशोभीकरण आहे. फोटो जरूर काढा. पण कुणाच्या आजीनं विचारलं, हे कशासाठी, तर सांगायला काही नसेल.